सुतार नसलेली कार्यशाळा

'कार्यशाळा' हा शब्द आम्हां मराठीच्या अध्यापकांच्या कानांवर सतत पडत असतो. कथालेखनाची कार्यशाळा, संशोधनपद्धतीची कार्यशाळा, नव्या अभ्यासक्रमाची कार्यशाळा. या कार्यशाळेत खुर्च्या असतात, फलक असतो, शेवटी प्रमाणपत्रे असतात. भुसा, तेल, कानस, ऐरण यांपैकी काहीही नसते. जिथे प्रत्यक्ष लोखंड कापले जाते त्या जागेला मराठी माणूस 'वर्कशॉप' म्हणतो आणि जिथे लाकडावर रंधा चालतो तिला 'सुताराचे दुकान'. शब्द वर चढला आणि काम खाली राहिले. तसा आपल्या साहित्यव्यवहाराचा यंत्रशाळेशी संबंध अगदीच नव्हता असे नाही. 'किर्लोस्कर' मासिकाचा आरंभ १९२० मध्ये झाला तो लोखंडी नांगर करणाऱ्या कारखान्याचे वार्तापत्र म्हणून. परंतु असे संबंध अपवादानेच आढळतात.

हे आठवण्याचे निमित्त एका वेगळ्याच कार्यशाळेचे आहे, आणि ती संगणकाच्या पडद्यावर आहे. गेल्या दीड दशकात ठोकळे रचून जग उभारण्याचे खेळ सर्वत्र पसरले. त्यांतील सर्वांत प्रसिद्ध 'माइनक्राफ्ट'. मार्कुस पेर्सोन या स्वीडिश प्रोग्रामरने मे २००९ मध्ये त्याची पहिली आवृत्ती लोकांपुढे ठेवली. नोव्हेंबर २०११ मध्ये पूर्ण आवृत्ती आली. २०१४ मध्ये मायक्रोसॉफ्टने अडीच अब्ज डॉलरला तो करणारी कंपनी विकत घेतली. आणि २०२३ मध्ये विक्रीचा आकडा तीस कोटींच्या पुढे गेल्याचे जाहीर झाले. या खेळात डोंगर, झाड, घर सारे काही एकाच मापाच्या घन ठोकळ्यांचे असते. खेळणारे त्यांतून किल्ले बांधतात, शहरे वसवतात, आणि त्यांची एक आवडती रचना म्हणजे जुनी कार्यशाळा. तपकिरी फळ्यांच्या भिंती, काळवंडलेले लोखंड, छतापासून लोंबणाऱ्या साखळ्या, दातेरी चाके, कोपऱ्यात भट्टी. ज्या पिढीच्या घरात बॅटरीवर चालणारे ड्रिल फडताळात पडलेले असते, तिने करमणुकीसाठी वाफेच्या आणि पट्ट्यांच्या काळातील कार्यशाळा का रचावी, हा प्रश्न आम्हांला वाङ्मयीन वाटतो. कारण तो शैलीचा प्रश्न आहे. एखादी गोष्ट उपयोगातून निघून गेल्यावर शैली म्हणून परत येते तेव्हा ती सोबत काय आणते आणि मागे काय सोडते, हे पाहण्याचा येथे प्रयत्न करतो.

* * *

आरंभ इंग्लंडमधील पोर्ट्समथच्या नौदल-गोदीपासून करावा लागेल. शिडाच्या जहाजांना दोर ओढण्यासाठी कप्प्या लागत, आणि इंग्रजी नौदलाची त्यांची गरज एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी वर्षाला सुमारे एक लाखाची होती. त्या हाताने घडवल्या जात. कवच एल्मच्या लाकडाचे, आतले चाक त्याहून कठीण अशा लिग्नम व्हिटी या लाकडाचे. मार्क ब्रुनेल याने या कामासाठी यंत्रांची मालिका आखली, नौदलातील अधिकारी सॅम्युएल बेंथम याने ती उचलून धरली, आणि हेन्री मॉड्स्ली याने यंत्रे प्रत्यक्ष बनवली. ४५ यंत्रांच्या या कारखान्यातून १८०८ मध्ये १,३०,००० कप्प्या बाहेर पडल्या. ११० कसबी कारागिरांचे काम आता दहा अकुशल माणसे करू लागली. जहाजाच्या अशा कप्पीला इंग्रजीत 'ब्लॉक' म्हणतात. ठोकळ्यालाही तोच शब्द आहे. हा योगायोगच, पण आमच्या विषयाला शोभणारा.

येथे नेमके काय घडले? सुताराच्या एका हातात जी कृत्ये एकवटलेली होती ती सुटी करण्यात आली. एक यंत्र फक्त कापणार, दुसरे फक्त भोक पाडणार, तिसरे फक्त खाच घेणार, चौथे बाहेरची गोलाई देणार. लाकूड यंत्रापर्यंत नेणाऱ्या माणसाने लाकूड ओळखण्याची गरज उरली नाही. कौशल्य नाहीसे झाले असे मात्र म्हणता येत नाही. ते कारागिराच्या मनगटातून निघून यंत्राच्या रचनेत जाऊन बसले.

ही यंत्रे वाफेच्या इंजिनावर चालत आणि इंजिनाची शक्ती त्यांच्यापर्यंत पोचे ती दंड आणि पट्टे यांच्या द्वारे. पुढे एकोणिसाव्या शतकभर कारखान्याचे रूप हेच राहिले. छताखालून इमारतीच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत एक लांब लोखंडी दंड फिरत असे, त्यावर चाके, चाकांवरून खाली उतरणारे चामड्याचे पट्टे, आणि प्रत्येक पट्ट्याच्या टोकाशी एक यंत्र. इंजिन थांबले की सारी शाळा थांबे. यंत्र कुठे ठेवायचे हे कामाच्या सोयीने ठरत नसे. दंड जिथून गेला असेल त्याच्या खाली ते ठेवावे लागे. वरून तेल ठिबके, पट्ट्यांच्या जाळ्यामुळे उजेड अडे, आणि सदऱ्याची बाही पट्ट्यात गेली तर हातही जाई. मात्र या व्यवस्थेत एक गोष्ट लख्ख दिसे. शक्ती कुठून येते, कुठे जाते आणि कोणाला किती मिळते, हे मान वर करून पाहणाऱ्या कोणालाही कळत असे.

विजेच्या मोटरने हे दृश्य पुसून टाकले. आधी वाफेच्या इंजिनाच्या जागी एक मोठी मोटर आली आणि दंड तसेच राहिले. मग यंत्रांच्या एकेका गटाला मोटर मिळाली. शेवटी प्रत्येक यंत्राच्या पोटात स्वतंत्र मोटर बसली. अमेरिकेतील कारखान्यांत १८९९ च्या सुमारास विजेच्या मोटरींचा वाटा एकूण यंत्रशक्तीच्या पाच टक्क्यांहूनही कमी होता; १९२० च्या आसपास तो निम्म्यावर गेला. छत मोकळे झाले, उजेड आला, अपघात घटले. आणि शक्ती दिसेनाशी झाली.

* * *

पुढची पायरी म्हणजे मोटर यंत्राच्या पोटातून माणसाच्या मुठीत येणे. ऑस्ट्रेलियात मेलबर्न येथे आर्थर जेम्स आर्नट आणि विल्यम ब्रेन यांनी १८८९ मध्ये विजेच्या ड्रिलचे पेटंट घेतले. ते खडक आणि कोळसा फोडण्यासाठी होते. हातात धरण्याजोगे ड्रिल १८९५ मध्ये जर्मनीतील श्टुटगार्टच्या फाइन कंपनीने तयार केले. परंतु आज ड्रिल म्हटल्यावर जी आकृती डोळ्यांपुढे येते ती अमेरिकेतील बॉल्टिमोरची. तेथे १९१० मध्ये डंकन ब्लॅक आणि अलोंझो डेकर या दोघांनी प्रत्येकी सहाशे डॉलर घालून दुकान थाटले आणि १९१७ मध्ये पिस्तुलासारखी मूठ व पिस्तुलासारखाच घोडा असलेल्या ड्रिलचे पेटंट मिळवले.

या घोड्याकडे क्षणभर थांबून पाहावे. आपल्या सुताराचे गिरमिट फिरवताना लाकडाचा मऊ-कठीणपणा, आतली गाठ, रेषांची दिशा हे सारे मनगटाला कळत असे, आणि ते कळण्यासाठी काही वर्षे उमेदवारी करावी लागे. घोडा ओढण्यासाठी उमेदवारी लागत नाही. ती हालचाल शरीराला दुसऱ्या एका हत्याराने आधीच शिकवून ठेवलेली होती.

विजेच्या हातकरवतीची कथाही अशीच आहे. न्यू ऑर्लिन्सचा एडमंड मिशेल उसाच्या शेतात कोयत्याने ऊस तोडणारे मजूर पाहून कोयत्याला मोटर जोडण्याच्या कल्पनेने झपाटला आणि दुधाचे पेय घुसळणाऱ्या यंत्राची मोटर काढून त्याने आपला पहिला नमुना केला, असे सांगतात. त्यातून १९२० च्या दशकात हातात धरायची चक्राकार विद्युत-करवत बाजारात आली. घरे बांधणाऱ्या सुतारांच्या कामाचा वेग तिने बदलून टाकला.

दुसऱ्या महायुद्धाच्या काळात कारखान्यांतील कामगार छोटी ड्रिल्स घरी नेतात, कारण घरीही त्यांना भोके पाडायची असतात, हे ब्लॅक अँड डेकरच्या ध्यानात आले. कंपनीच्या इतिहासात ही हकिकत आवर्जून सांगितली जाते. त्यावरून १९४६ मध्ये घरगुती वापरासाठी पाव इंची ड्रिल निघाले, किंमत १६.९५ डॉलर. पुढच्याच वर्षी 'शॉपस्मिथ' हे एकातच करवत, लेथ आणि ड्रिल असलेले यंत्र आले. ज्याचा व्यवसाय सुतारकीचा नाही अशा माणसाची कार्यशाळा, रविवारची कार्यशाळा, या क्षणी जन्मली. १९६१ मध्ये ड्रिलची तार सुटली आणि १९७१ मध्ये 'अपोलो १५' च्या अंतराळवीरांनी बॅटरीवर चालणारे ड्रिल चंद्रावर चालवले.

हा सारा प्रवास आम्ही अधोगती म्हणून सांगत नाही. ज्यांना जन्माने, वर्णाने किंवा लिंगाने कार्यशाळेचे दार बंद होते अशा असंख्यांना या घोड्याने ते उघडून दिले. मात्र प्रत्येक पायरीवर एकच देवघेव झाली आहे हे नोंदवावे लागते. काम अधिकाधिक माणसांना जमू लागले, आणि ते काम ही ज्याची ओळख होती तो माणूस कमी-कमी आवश्यक होत गेला.

* * *

ठोकळ्यांच्या खेळाची वंशावळही एका सुताराच्या दुकानात जाऊन पोचते. डेन्मार्कमधील बिलुंड या गावी ओले कर्क क्रिस्टियान्सेन या सुताराने मंदीच्या काळात, १९३२ मध्ये, लाकडी खेळणी करायला आरंभ केला. तीच पुढे लेगो कंपनी. १९४६ मध्ये त्याने प्लास्टिकला आकार देणारे यंत्र विकत घेतले, १९४९ मध्ये जोडता येणाऱ्या विटा निघाल्या, १९५८ मध्ये आजच्या विटेचे पेटंट झाले आणि १९६० मध्ये लाकडी खेळण्यांच्या विभागाला आग लागल्यावर कंपनीने लाकूड कायमचे सोडले. सुताराच्या घरातून लाकूड गेले, आणि जे उरले त्याने जगभरच्या मुलांना सांधे न कापता, खिळा न मारता बांधायला शिकवले.

माइनक्राफ्टने प्लास्टिकही काढून टाकले. २०१० च्या आरंभी या खेळात एक मेज आला, ज्याच्या बाजूंवर सुतारकामाची हत्यारे टांगलेली दाखवली आहेत आणि ज्याच्या पृष्ठावर नऊ घरांची चौकट आहे. झाड मुठीने पाडायचे, एका ओंडक्याच्या चार फळ्या करायच्या, चार फळ्यांचा मेज. मग चौकटीत तीन फळ्या आणि दोन काठ्या नेमक्या घरांत मांडल्या की कुदळ तयार. फळ्या करायला करवत लागत नाही, भुसा पडत नाही, वेळ जात नाही. पोर्ट्समथमध्ये कौशल्य यंत्रात गेले होते. येथे ते मांडणीत गेले आहे. साहित्याच्या अभ्यासकाला हे ओळखीचे वाटावे, कारण ही छंदासारखी व्यवस्था आहे. घरे ठरलेली, प्रत्येक घरात काय बसते तेही ठरलेले.

२०१९ च्या एप्रिलमध्ये या खेळात धार लावायची साण, दगड कापणारे यंत्र, माग, लोहाराचा मेज, बाण करणाऱ्याचा मेज असे अनेक कामाचे ठोकळे एकदम आले. त्यांचे वागणे पाहण्यासारखे आहे. दगड कापणाऱ्या यंत्रात एक दातेरी चक्र अखंड फिरत असते. त्याला पट्टा नाही, मोटर नाही, फिरवणारा नाही. ते लाकूड कापत नाही, आणि त्यावर पाय देऊन उभे राहिले तरी इजा होत नाही. खऱ्या साणेवर धार लावताना पाते झिजते. या साणेवर दोन झिजलेली हत्यारे एकत्र केली की त्यांचे आयुष्य वाढते. बाण करणाऱ्याच्या मेजावर तर खेळाडूला पुढे कित्येक वर्षे काहीच करता येत नव्हते. तो शोभेपुरता होता, म्हणजे शुद्ध शैली.

खेळातील गावकऱ्यांचा व्यवसायही हेच ठोकळे ठरवतात. बेकार गावकऱ्याजवळ माग ठेवला की तो मेंढपाळ होतो, साण ठेवली की शस्त्रकार, दगड कापणारे यंत्र ठेवले की गवंडी. त्याच्याशी अजून देवघेव झाली नसेल तर ठोकळा उचलताच तो पुन्हा बेकार. त्रिंबक नारायण आत्रे यांनी १९१५ मध्ये 'गावगाडा' लिहिला तेव्हा त्यांच्यापुढच्या गावात व्यवसाय जन्माने ठरत होता आणि त्या ठरण्याने माणसे पिढ्यान्पिढ्या बांधली गेली होती. इथे जन्माचे बंधन नाही, याचे स्वागतच करायला हवे. पण इथे शिकण्याचेही कारण नाही. व्यवसाय माणसाच्या हातात नसून शेजारच्या वस्तूत आहे.

आणि आता मुख्य गोष्ट. या गावात तेरा व्यवसाय आहेत. शेतकरी, कोळी, खाटीक, गवंडी, चर्मकार, ग्रंथपाल, नकाशे काढणारा, हत्यारे करणारा लोहारसुद्धा आहे. सुतार नाही. फळ्यांच्या या जगात, जिथे पहिली वस्तू सुताराचा मेज आहे, तिथे सुतार हा व्यवसायच नाही. कारण उघड आहे. तो मेज प्रत्येक खेळाडूचा आहे. प्रत्येकजण सुतार असल्यामुळे कोणीच सुतार नाही. १८०८ मध्ये ११० चे दहा झाले होते. येथे तो हिशेब पूर्ण झाला.

* * *

मग खेळणाऱ्यांना पट्टे आणि दंड का हवेसे वाटतात? २०१९ मध्ये माइनक्राफ्टसाठी 'क्रिएट' नावाची एक जोड निघाली आणि ती अतिशय लोकप्रिय झाली. तिच्यात पाणचक्की किंवा पवनचक्की उभारायची, तिची गती दंड, दातेरी चाके आणि पट्टे यांतून यंत्रकरवतीपर्यंत किंवा यंत्रड्रिलपर्यंत न्यायची. प्रत्येक यंत्राचा भार ठरलेला असतो आणि तो एकूण शक्तीपेक्षा जास्त झाला की सारे जाळे एकदम थांबते. एकोणिसाव्या शतकातील कारखान्याची हीच अडचण होती. जी टाळण्यासाठी मोटर आली ती अडचण आता आनंदाने विकत घेतली जाते. याउलट 'टेरारिया' (२०११) या खेळात हातात धरायचे ड्रिल आणि साखळी-करवत खरोखर आहेत; पण ती जादूच्या तलवारींच्या पंक्तीला बसलेली. मुठीतल्या मोटरीचे रहस्य उलगडून दाखवता येत नाही. तिला जादू म्हणूनच दाखवावे लागते.

या अभिरुचीला वाङ्मयात 'स्टीमपंक' हे नाव १९८७ मध्ये के. डब्ल्यू. जेटर या कादंबरीकाराने दिले. पितळी चाकांची ही आवड निव्वळ गतकातरता आहे असे म्हणून तिला निकालात काढणे सोपे आहे. आम्हांला तसे वाटत नाही. ज्या पिढीच्या भोवतालची सारी यंत्रे बंद पेट्या आहेत, तिला कारण आणि कार्य यांच्यामधला पट्टा डोळ्यांनी पाहायचा आहे. ही भूक खरी आहे आणि बौद्धिक आहे. ती भागवणाऱ्या खेळाने आपल्या पाठ्यपुस्तकांना न जमलेले काम केले आहे.

तरी ही शैली काय गाळते तेही पाहावे. २०२१ मध्ये माइनक्राफ्टमध्ये तांबे आले. ते काळानुसार हिरवे पडते, आणि मेण लावून त्याचे जुनेपण हव्या त्या टप्प्यावर थांबवता येते. जुनी ड्रिल्स आणि करवती जमवून दुरुस्त करणाऱ्यांमध्ये हाच वाद असतो. गंज पूर्ण काढून यंत्र नवेकोरे करावे की वापराचा मळ, मुठीवरची झीज जपावी? त्या वादात निदान एक गोष्ट गृहीत असते. झीज कोणाच्या तरी तळहाताने झालेली आहे. खेळातल्या तांब्याला हिरवेपणा येतो तो केवळ वेळेने. तिथे वापरणारा कधी नव्हताच. जुनेपणा आला, आयुष्य आले नाही.

* * *

असे पूर्वीही घडले आहे आणि आपल्या अगदी जवळ घडले आहे. एका द्रव्यातील घडणीची खूण दुसऱ्या द्रव्यात, गरज नसताना, अलंकार म्हणून उतरते तेव्हा तिला 'स्क्यूओमॉर्फ' म्हणावे असे हेन्री कॉली मार्च यांनी १८८९ मध्ये सुचवले. मराठीत 'घडणस्मृती' म्हणता येईल. ग्रीक दगडी मंदिरांवरील काही अलंकार लाकडी तुळयांच्या टोकांची आठवण आहेत, असे रोमन वास्तुलेखक विट्रुव्हियस सांगतो. भाज्याच्या चैत्यगृहात तर ही स्मृती आत शिरताच भेटते. इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकातील या लेण्यात दगडी खांब आतल्या बाजूला झुकलेले आहेत, जसे लाकडी इमारतीत छताचा रेटा सोसण्यासाठी झुकवावे लागत. डोंगराच्या पोटात असा रेटा नाही. छताला लाकडी कमानी लावलेल्या आहेत. कातळाला त्यांच्या आधाराची गरज नाही. कार्ल्यालाही तशाच कमानी आहेत. सुतारकी उपयोगातून गेली आणि शैली म्हणून दगडात राहिली. ठोकळ्यांची कार्यशाळा रचणारे आजचे तरुण याच परंपरेत बसतात, आणि त्यात कमीपणा काही नाही.

फरक एकच आहे, आणि तो लहान नाही. कार्ल्याच्या चैत्यगृहाच्या दर्शनी भागावर एक ब्राह्मी लेख आहे. धेनुकाकट येथील वढकी सामिन, वेणुवासाचा पुत्र, याने द्वार घडवले असे त्यात म्हटले आहे. वढकी म्हणजे सुतार. संस्कृत 'वर्धकी', प्राकृत 'वढकी', आणि विदर्भात आजही सुताराला 'वाढई' म्हणतात. लाकडाचे दगड झाले तेव्हा ज्यांची विद्या दगडात उतरली त्यांच्यापैकी एकाचे नाव, त्याच्या बापाचे नाव, गाव आणि धंदा हे सारे तिथे कोरून ठेवावेसे कोणाला तरी वाटले.

शैलीचा अभ्यास हे आमचे काम आहे. एखाद्या कवितेतील जात्यावरच्या ओवीची लय ऐकताना ते जाते कोणी ओढले हे आम्ही विद्यार्थ्यांना विचारतो. तोच प्रश्न तपकिरी फळ्यांच्या आणि पितळी चाकांच्या या नव्या शैलीलाही विचारायला हवा, आणि तो विद्यार्थ्यांनी विचारावा, कारण तो खेळ आमच्यापेक्षा त्यांना अधिक कळतो. तेरा व्यवसायांच्या गावात चौदावा का नाही, एवढे जरी त्यांच्यापैकी एखाद्याने शोधायला घेतले तरी 'कार्यशाळा' या शब्दात थोडा भुसा परत येईल.